पुस्तक मिटल्यावरचे जीवशास्त्र

सागवानाचा एखादा जाडजूड ओंडका समोर ठेवायचा, शेजारी मूठभर बिया ठेवायच्या आणि विचारायचे : या एवढ्याशा बीपासून हे एवढे लाकूड झाले, त्याचे वजन आले कुठून? अमेरिकेत 1997 साली ‘माइंड्स ऑफ अवर ओन’ नावाचा एक माहितीपट तयार झाला. त्यात हार्वर्ड आणि एमआयटी या विद्यापीठांतून नुकत्याच पदव्या घेऊन बाहेर पडलेल्या तरुण-तरुणींना हाच प्रश्न विचारला होता. कोणी म्हणाले मातीतून, कोणी पाण्यातून, कोणी खनिजांतून. हवेतल्या कार्बन डायऑक्साइडमधून हे लाकूड तयार झाले, असे सांगितल्यावरही काहींना ते पटेना. इतक्या हलक्या हवेतून एवढे जड लाकूड कसे होईल?

या मुलांनी प्रकाशसंश्लेषण शिकले नव्हते, असे म्हणायला जागा नाही. शाळेत ते साऱ्यांनाच शिकावे लागते. आपल्याकडेही सातवी-आठवीपासून मुले ते शिकतात. कार्बन डायऑक्साइड अधिक पाणी, मग बाण, बाणावर ‘सूर्यप्रकाश’, खाली ‘हरितद्रव्य’, पुढे ग्लुकोज आणि ऑक्सिजन. दहावीचा विद्यार्थी हे समीकरण झोपेतही लिहील. पण वाळलेल्या लाकडाच्या वजनात जवळजवळ निम्मा भाग कार्बनचा असतो आणि तो कार्बन पानांच्या रंध्रांतून आत आलेला असतो, हे त्याच समीकरणातून निघते. ते काढून दाखवण्याची वेळ मात्र त्याच्यावर कधी आलेली नसते. समीकरण पाठ आहे, त्याचा उपयोग माहीत नाही. हे अंतर वाचनाने कमी होत नाही आणि पुन्हा पुन्हा वाचल्यानेही होत नाही. ते कमी करण्याचे शाळेतले सर्वांत स्वस्त आणि सर्वांत दुर्लक्षित साधन म्हणजे धड्याच्या शेवटचा स्वाध्याय.

वहीतला स्वाध्याय

महाराष्ट्रात दहावीचे ‘विज्ञान आणि तंत्रज्ञान’ दोन भागांत शिकवले जाते. सध्याची पुस्तके बालभारतीने 2018 साली आणली. दुसऱ्या भागात दहा धडे आहेत आणि त्यांतले बरेचसे जीवशास्त्राचे किंवा त्याच्या शेजारचे. आनुवंशिकता व उत्क्रांती, सजीवांतील जीवनप्रक्रियांचे दोन भाग, प्राण्यांचे वर्गीकरण, सूक्ष्मजीवशास्त्राची ओळख, पेशीविज्ञान व जैवतंत्रज्ञान अशी ती यादी. बोर्डाची लेखी परीक्षा प्रत्येक भागाला 40 गुणांची.

पुस्तक उघडले की जागोजागी चौकटी दिसतात : ‘थोडे आठवा’, ‘सांगा पाहू’, ‘करून पहा’, ‘जरा डोके चालवा’. धड्याच्या शेवटी स्वाध्याय. त्यात जोड्या लावा, गटात न बसणारा शब्द ओळखा, फरक स्पष्ट करा, शास्त्रीय कारणे लिहा, नामनिर्देशित आकृती काढा. पुस्तक करणाऱ्यांच्या मनात मुलाने मधूनमधून थांबावे, आठवावे, ताडून पाहावे असेच होते, हे या चौकटींवरून कळते.

वर्गात काय होते? ‘जरा डोके चालवा’ची चौकट पोर्शन संपवण्याच्या घाईत ओलांडली जाते. स्वाध्याय घरी करायला दिला जातो. घरी गाइड असते. गाइडमधले उत्तर वहीत उतरते, वहीवर सही होते आणि स्वाध्याय ‘पूर्ण’ ठरतो. तीस उत्तरे सुवाच्य अक्षरात लिहिलेल्या मुलीने त्यातले एकही उत्तर स्वतःच्या डोक्यातून काढलेले नसते. पुढे जानेवारी-फेब्रुवारीत अपेक्षित प्रश्नसंच घरात येतात आणि तीच उत्तरे दुसऱ्या क्रमाने वाचली जातात.

यात शिक्षकांना दोष देणे सोपे आहे, पण न्याय्य नाही. साठ-सत्तर मुलांचा वर्ग, पस्तीस-चाळीस मिनिटांचा तास, मधूनमधून येणारी शाळाबाह्य कामे आणि डोक्यावर मार्च महिना. या चौकटीत तपासायला सर्वांत सोयीची गोष्ट म्हणजे भरलेली वही. अडचण अशी की भरलेली वही शिकल्याची खूण मानली गेली. स्वाध्याय ही धडा संपल्यावर द्यायची हजेरी झाली. शिकणे तिथेच सुरू होते, हे आपण विसरलो.

आठवताना काय घडते

ज्याची उजळणी होत नाही ते किती झपाट्याने पुसले जाते, हे हर्मन एबिंगहॉस या जर्मन अभ्यासकाने स्वतःवरच प्रयोग करून 1885 साली मांडले होते. पण उजळणी म्हणजे नेमके काय, याचे चांगले उत्तर मिळायला आणखी सव्वाशे वर्षे लागली.

अमेरिकेतील सेंट लुइस येथील वॉशिंग्टन विद्यापीठात हेन्री रोडिगर आणि जेफ्री कार्पिकी यांनी 2006 साली एक साधा प्रयोग प्रसिद्ध केला. विद्यार्थ्यांना वाचायला दोन उतारे होते, एक सूर्यावर आणि एक सागरी पाणमांजरांवर. एका गटाने उतारा चार वेळा अभ्यासला. दुसऱ्या गटाने तो एकदाच अभ्यासला आणि पुढच्या तीन फेऱ्यांत पुस्तक न बघता आठवेल तेवढे कागदावर लिहिले. पाच मिनिटांनी परीक्षा घेतली तेव्हा चार वेळा अभ्यासणारे पुढे होते. एका आठवड्याने चित्र उलटले. चार वेळा अभ्यासणाऱ्यांना सुमारे 40 टक्के मजकूर आठवला, तर एकदाच अभ्यासून तीनदा आठवणाऱ्यांना सुमारे 61 टक्के.

आठवणे म्हणजे घोकंपट्टीच, समजेचे काय, अशी शंका कोणीही घेईल. 2011 साली ‘सायन्स’ या नियतकालिकात कार्पिकी आणि जेनेल ब्लंट यांनी तिचे उत्तर दिले. विज्ञानाचे उतारे वाचल्यावर एका गटाने पुस्तक समोर ठेवून संकल्पनांचे जाळे काढले. दुसऱ्या गटाने पुस्तक बाजूला सारून आठवून लिहिले. आठवड्याने घेतलेल्या परीक्षेत मजकुराबाहेर जाऊन अनुमान करायला लावणारे प्रश्नही होते आणि त्यातही आठवून लिहिणारेच सरस ठरले. आधी विद्यार्थ्यांनी स्वतःबद्दल केलेला अंदाज मात्र याच्या नेमका उलट होता. वाचताना सगळे ओळखीचे वाटते म्हणून आपल्याला येते असे वाटते. आठवताना अडखळायला होते म्हणून येत नाही असे वाटते. त्या अडखळण्यातच शिकणे घडत असते आणि आपण नेमके तेच टाळतो.

हे प्रयोगशाळेपुरतेच आहे असेही नाही. इलिनॉय राज्यातल्या एका सरकारी शाळेत आठवीच्या विज्ञानाच्या वर्गावर असेच काम झाले. ज्या मुद्द्यांवर छोट्या, दडपण नसलेल्या चाचण्या घेतल्या गेल्या, ते मुद्दे घटक चाचणीत मुलांना अधिक चांगले आले. 2013 साली जॉन डनलॉस्की आणि सहकाऱ्यांनी अभ्यासाच्या दहा प्रचलित पद्धतींचा आढावा घेतला. स्वतःची चाचणी घेणे आणि अभ्यास दिवसांत विभागून करणे या दोन पद्धती सर्वांत उपयुक्त ठरल्या. ओळींखाली रेघा मारणे आणि पुन्हा पुन्हा वाचणे तळाच्या गटात गेले. आपली मुले सर्वाधिक वेळ कशावर घालवतात, हे कोणत्याही घरातल्या पिवळ्या-गुलाबी हायलायटरने रंगलेल्या पुस्तकावरून कळेल.

कांद्याची 16 गुणसूत्रे

पण नुसते ‘आठव’ म्हणून भागत नाही. प्रश्न कसा आहे यावर सारे अवलंबून असते. जीवशास्त्राचा चांगला प्रश्न दोन धडे एकमेकांना भिडवतो.

एक उदाहरण घेऊ. ‘सूत्री विभाजनाच्या अवस्था लिहा’ या प्रश्नाला पूर्वावस्था, मध्यावस्था, पश्चावस्था, अंत्यावस्था अशी यादी येते आणि गुण मिळतात. आता तोच प्रश्न असा विचारू : कांद्याच्या कायिक पेशीत 16 गुणसूत्रे असतात. कांद्याच्या मुळाच्या टोकातील पेशी विभागून झालेल्या प्रत्येक नव्या पेशीत किती असतील? पश्चावस्थेत, पेशी दोन होण्याआधी, विलग झालेली गुणसूत्रे मोजली तर किती भरतील? परागकणातील पुंयुग्मकात किती? फलनानंतर तयार झालेल्या युग्मनजात किती? आणि बीमधल्या भ्रूणपोषात किती?

उत्तरे अनुक्रमे 16, 32, 8, 16 आणि 24. शेवटच्या उत्तरावर मुले थांबतात आणि थांबायलाच हवे. भ्रूणपोष दोन ध्रुवीय केंद्रके आणि एक पुंयुग्मक यांच्या मीलनातून होतो, म्हणून तिथे तीन संच. हे वाक्य पुस्तकात आहे, पण ते प्रजननाच्या धड्यात आहे आणि विभाजन दुसऱ्या धड्यात. पाच ओळींच्या या प्रश्नात मुलाला दोन्ही धडे एका कागदावर आणावे लागतात. यात घोकलेले उपयोगी पडते, पण घोकलेले पुरत नाही. सूत्री आणि अर्धगुणसूत्री विभाजनातला फरक तक्त्यात लिहिणे वेगळे आणि तो फरक वापरून 8 हा आकडा काढणे वेगळे.

मग कांद्याची मुळे पाण्याच्या पेल्यावर फुटू द्यावीत, टोके कापून, रंगवून, काचपट्टीवर दाबून सूक्ष्मदर्शकाखाली बघावीत. शाळेत तेवढी सोय नसली तर कांद्याचा पापुद्रा आणि आयोडिन, ऱ्हिओच्या पानाची साल आणि साखरेचे पाणी एवढ्यावरही पुष्कळ काही दिसते. प्रश्न आधी सोडवलेला असेल तर भिंगातून बघणाऱ्या डोळ्याला काय शोधायचे हे ठाऊक असते.

मेंडेलच्या वाटाण्यांचा हिशेब

आनुवंशिकतेच्या धड्यात मुले 3:1 हे गुणोत्तर शिकतात आणि ते निसर्गाने आखून दिलेले आहे असे धरून चालतात. ग्रेगोर मेंडेलला ते तसे मिळाले नव्हते. 1865 साली त्याने ब्रनो येथे वाचलेल्या आणि 1866 साली छापलेल्या निबंधात दुसऱ्या पिढीतले आकडे दिले आहेत. गोल बिया 5474, सुरकुतलेल्या 1850. पिवळ्या बिया 6022, हिरव्या 2001. उंच झाडे 787, बुटकी 277. मुलांना हे आकडे द्यावेत आणि भागाकार करायला सांगावे. 2.96, 3.01, 2.84 अशी उत्तरे येतात. मग विचारावे : नेमके तीन का येत नाहीत? सर्वांत कमी मोजणी कोणत्या प्रयोगात होती आणि तीनपासून सर्वांत दूर कोणते उत्तर गेले?

यापुढचा सराव दोन नाण्यांचा. जोडीतल्या प्रत्येकाच्या हातात एक नाणे, छापा म्हणजे प्रभावी जनुक, काटा म्हणजे अप्रभावी. दोघांनी एकदम उडवायचे आणि काय पडले ते लिहायचे. वीस वेळा उडवल्यावर कोणाचे 17:3 येते, कोणाचे 12:8. साऱ्या वर्गाची बेरीज फळ्यावर मांडली की गुणोत्तर तीनच्या आसपास येऊन बसते. शक्यता म्हणजे काय, हे वाक्याने सांगून कळत नाही. वीस वेळा नाणे उडवलेल्या मुलाला ते हातातून कळते.

विदर्भात आणि नंदुरबारसारख्या जिल्ह्यांत याला वर्गाबाहेरचा अर्थ आहे. तिथल्या अनेक समाजांत सिकलसेलचा आजार पिढ्यान्‌पिढ्या चालत आला आहे. केंद्र सरकारने 1 जुलै 2023 रोजी मध्य प्रदेशातील शहडोल येथून सिकलसेल निर्मूलनाचे राष्ट्रीय अभियान सुरू केले. 40 वर्षांपर्यंतच्या सात कोटी लोकांची तपासणी आणि 2047 पर्यंत आजाराचे निर्मूलन असे त्याचे उद्दिष्ट आहे. तपासणीनंतर हातात कार्ड येते. त्यावर ‘वाहक’ असे लिहिलेले असले तर त्याचा अर्थ घरात समजावून सांगणारे माणूस अनेकदा दहावीत शिकणारे मूलच असते.

म्हणून नववी-दहावीच्या वर्गात हा प्रश्न सोडवला जायला हवा. आई आणि वडील दोघेही सिकलसेलचे वाहक आहेत. त्यांचे पहिले मूल आजारी आहे. दुसरे मूल आजारी असण्याची शक्यता किती? पुष्कळ मुले चारांतले एक झाले म्हणून आता पुढची तिघे निरोगी असे उत्तर देतात. प्रत्येक बाळंतपणाला ती शक्यता नव्याने एक चतुर्थांशच असते, हे जनुकांच्या जोड्यांची चौकट काढून पटवावे लागते. पुढचा प्रश्न जरा अवघड : या जोडप्याचे दुसरे मूल निरोगी आहे, तर ते वाहक असण्याची शक्यता किती? उत्तर दोन तृतीयांश आहे. आजारी असण्याची शक्यता आधीच गेली आणि उरलेल्या तीन घरांपैकी दोन वाहकाची आहेत. या एका गणिताने लग्नाआधी रक्ततपासणी का करायची हे जितके स्पष्ट होते, तितके भिंतीवरच्या घोषणेने होत नाही.

चुकीच्या उत्तराची किंमत

स्वाध्यायाचा खरा उपयोग उत्तर चुकते तिथे असतो. जीवशास्त्रात काही चुका वर्षानुवर्षे त्याच असतात. झाडे दिवसा प्रकाशसंश्लेषण करतात आणि फक्त रात्री श्वसन करतात. शिरांतून नेहमी ऑक्सिजन कमी असलेले रक्तच वाहते. जंतूंना औषधाची सवय होते. या चुका आळसातून येत नाहीत. त्यांच्यामागे मुलाने स्वतः जुळवलेले काहीतरी तर्कशास्त्र असते. ते बाहेर काढल्याशिवाय त्यावर कितीही अचूक वाक्ये लिहून दिली तरी आतले तसेच राहते.

‘प्रतिजैविके अर्धवट घेतल्याने जंतू प्रतिरोधक का होतात?’ हा प्रश्न मोकळा सोडला की वर्गातून ‘सवय होते’ हेच उत्तर येते. मग विचारावे : एका जंतूला सवय होते, की आधीपासूनच थोडे वेगळे असलेले जंतू मागे उरतात? इथे डार्विन येतो, नैसर्गिक निवड येते, जिराफाच्या मानेचा धडा येतो आणि उत्क्रांती ही कोट्यवधी वर्षांपूर्वीची गोष्ट न राहता घरातल्या औषधाच्या पाकिटापर्यंत पोचते. यासाठी चूक उत्तराला ‘चूक’ म्हणून पुढे जायचे नसते. बहुपर्यायी प्रश्नातही बरोबर पर्यायाला खूण केल्यावर उरलेले तीन का चूक, हे एकेका ओळीत लिहायला लावावे. शिकणे तिथेच होते.

हे इथे मुद्दाम सांगावेसे वाटते, कारण दहावीनंतर जीवशास्त्र घेणारी बरीच मुले ‘नीट’ या वैद्यकीय प्रवेश परीक्षेकडे वळतात. त्या परीक्षेतल्या 180 प्रश्नांपैकी 90 जीवशास्त्राचे, म्हणजे 720 पैकी 360 गुण. हजारो प्रश्नांचे संच सोडवण्याची स्पर्धा तिथून सुरू होते. प्रश्नांची संख्या वाढते आणि प्रत्येक प्रश्नापाशी थांबण्याचा वेळ कमी होतो. उत्तरतालिकेशी ताळा करून बरोबर-चूक मोजले जाते, चूक का झाली हे पाहिले जात नाही. दहा प्रश्न कारणांसह सोडवण्याची सवय नववीतच लागली, तर पुढचे हजार प्रश्न कामाला येतील.

हे आपल्याकडे झाले आहे

प्रश्न बदलला की शिकणे बदलते, याचा आपल्या देशातला मोठा दाखला म्हणजे मध्य प्रदेशातील होशंगाबाद विज्ञान शिक्षण कार्यक्रम. 1972 साली किशोर भारती आणि फ्रेंड्स रूरल सेंटर या संस्थांनी तो सुरू केला, 1982 पासून एकलव्य संस्थेने पुढे नेला आणि 2002 मध्ये राज्य सरकारने बंद केला. सहावी ते आठवीच्या सरकारी शाळांतली मुले ‘बाल वैज्ञानिक’ ही पुस्तके वापरत. त्यांत तयार उत्तरे नसत. प्रयोग करायचा, शिवारफेरीत पाने-फुले-किडे गोळा करायचे, जे दिसले ते स्वतःच्या शब्दांत वहीत लिहायचे. सर्वांत धाडसी गोष्ट परीक्षेची होती. लेखी परीक्षेला पुस्तक आणि वही सोबत नेण्याची मुभा होती आणि प्रयोगांची परीक्षा वेगळी असे. पुस्तक समोर असताना विचारता येईल असा प्रश्न काढायचा, तर तो विचार करायला लावणाराच काढावा लागतो. परीक्षा बदलल्यामुळे वर्गातला सरावही बदलला.

महाराष्ट्रातही मुंबईच्या मानखुर्दचे होमी भाभा विज्ञान शिक्षण केंद्र 1974 पासून या दिशेने काम करत आहे. जीवशास्त्र ऑलिम्पियाडची भारतीय तुकडी तिथेच तयार होते आणि 2008 सालचे आंतरराष्ट्रीय जीवशास्त्र ऑलिम्पियाड मुंबईतच भरले होते. ऑलिम्पियाडचे प्रश्न आलेख, तक्ते आणि प्रयोगांची निरीक्षणे पुढे ठेवतात. सहावी आणि नववीच्या मुलांसाठी होणाऱ्या होमी भाभा बाल वैज्ञानिक स्पर्धेतही लेखी परीक्षेबरोबर प्रात्यक्षिक आणि कृतिसंशोधन असते. तयारीचा हा दर्जा निवडक मुलांपुरता राहतो, ही उणीव आहे. त्याच जातीचे सोपे प्रश्न जिल्हा परिषदेच्या आणि आश्रमशाळेच्या वर्गात न्यायला पैसा लागत नाही.

सतराव्या शतकातला अभ्यासक यान बाप्टिस्ट व्हान हेल्माँट याचा प्रयोगच घ्या. त्याच्या मृत्यूनंतर 1648 साली तो छापला गेला. कुंडीत 200 पौंड कोरडी माती, त्यात 5 पौंडांचे विलोचे रोप, पाच वर्षे फक्त पाणी. पाच वर्षांनी झाड सुमारे 169 पौंडांचे झाले आणि माती अवघी 2 औंस कमी भरली. झाड पाण्यापासून झाले, असा त्याने निष्कर्ष काढला. मुलांना एवढेच द्यावे आणि विचारावे : त्याचे कोणते म्हणणे बरोबर, कोणते अपुरे, आणि आज तू हा प्रयोग केलास तर आणखी काय मोजशील? एका फळ्यावर मावणारा हा प्रश्न तासभर पुरतो.

करायचे कसे

धडा शिकवण्याआधीच त्यावरचे तीन-चार प्रश्न मुलांना सोडवायला द्यावेत. चुकले तरी हरकत नाही. आपल्याला काय माहीत नाही हे कळल्यावर धडा वेगळ्या कानांनी ऐकला जातो. रोजच्या तासाची पहिली पाच मिनिटे कालच्या धड्यावर दोन, मागच्या आठवड्याच्या धड्यावर एक आणि मागच्या महिन्याच्या धड्यावर एक अशा चार प्रश्नांना द्यावीत. गुण देऊ नयेत. शेजाऱ्याशी ताळा करू द्यावा.

घरी पुस्तक मिटून कोऱ्या कागदावर हृदयाची किंवा वृक्काणूची आकृती काढावी, नावे द्यावीत आणि मगच पुस्तक उघडून वेगळ्या शाईने दुरुस्ती करावी. दुसऱ्या शाईतल्या खुणा म्हणजे उद्याचा अभ्यास. तीच आकृती दोन दिवसांनी, आठवड्याने आणि महिन्याने पुन्हा काढावी. गाइड वापरायचे तर स्वतःचे उत्तर लिहून झाल्यावर तपासण्यासाठी वापरावे. पालकांनी ‘किती धडे झाले?’ऐवजी ‘आज कोणता प्रश्न अडला?’ असे विचारावे. अडलेला प्रश्न दाखवणाऱ्या मुलाला शाबासकी मिळाली की गाइड आपोआप मिटते.

पाठांतर वाईट आहे, असा याचा अर्थ नाही. जीवशास्त्राला नावांचा आणि संज्ञांचा मोठा साठा लागतोच. तंतुकणिका आणि हरितलवक यांत गोंधळणाऱ्याला पुढचा विचार करता येत नाही. मात्र संज्ञाही आठवण्याच्या सरावानेच पक्क्या होतात आणि प्रश्नात वापरल्या गेल्या तरच टिकतात.

बोर्डाने 40 गुणांपैकी थोडे गुण जरी अनोळखी माहितीवर विचार करायला लावणाऱ्या प्रश्नांना ठेवले, त्यांचे नमुने आधी शाळांना दिले आणि शिक्षकांना असे प्रश्न काढायला शिकवले, तर अपेक्षित प्रश्नसंचांनाही बदलावे लागेल. पण शिक्षकांनी बोर्डाची वाट पाहत बसण्याचे कारण नाही. जून महिन्यातल्या पहिल्या तासापासून, आहे त्याच पुस्तकातल्या स्वाध्यायाने ही सुरुवात करता येते. मुलांना तयार उत्तर मिळण्याआधी पाच मिनिटे स्वतः विचार करू देणे, एवढेच त्यासाठी लागते. त्या पाच मिनिटांवर प्रत्येक मुलाचा हक्क आहे.